दाराला जाळी लावली आहे

बाबा,

दाराला जाळी लावली. रविवारी सकाळी, स्टुलावर चढून, माझ्या हातांनी. तुम्हाला विचारायचा प्रश्न नव्हता, पण तुम्ही असतात तरी मी विचारलं नसतं, हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं वाचताना तुम्हाला उगाच आशा वाटायला नको. काळ्या रंगाची बारीक जाळी आहे. दोन पडदे मधोमध येऊन मिळतात, त्यांच्या काठांत चुंबकाचे तुकडे शिवलेले आहेत. माणूस आत शिरला की पडदे बाजूला होतात आणि तो पुढे गेला की टक टक करत वरपासून खालपर्यंत आपोआप मिटतात. दार सताड उघडं राहतं. वारा येतो, जिन्यावरून जाणारा माणूस आम्हाला दिसतो, त्याला आम्ही दिसतो. फक्त डास येत नाहीत. एवढ्याच गोष्टीला तुमचा विरोध होता, आणि त्या विरोधापायी आपल्या घरात जे झालं ते मी आज लिहून काढणार आहे. मध्ये बोलायला तुम्ही नाही, हे एका अर्थी बरंच आहे.

तुम्ही गेलात त्याला आता तेवीस वर्षं झाली. वाकोल्याची आपली खोली राहिली नाही, त्या जागी टॉवर उभा आहे. मी दिंडोशीला दुसऱ्या मजल्यावर राहते, घरात मी आणि आई, दोघीच. भाऊ मुलुंडला असतो. आई एकोणऐंशीची झाली. गुडघे गेले, एक कान गेला, पण सकाळचा चहा झाला की दार उघडायचं आणि दारासमोर खुर्ची टाकून बसायचं, ही सवय काही गेली नाही. मी कोर्टात निघून जाते आणि ती तिथे बसून राहते. पार्सलवाले, जिना झाडणारी बाई, वरच्या मजल्यावरच्या सुना, सगळ्यांशी तिचं बोलणं. आमच्या इमारतीत बाकी सगळी दारं बंद असतात, आमचं एकच उघडं. ही सवय तुम्ही लावलेली आहे, हे मला माहीत आहे आणि तिलाही.

या जुलैत तिला डेंगी झाला. नऊ दिवस हॉस्पिटलात होती. प्लेटलेट खाली जात होत्या, आणि मी तिच्या मनगटावर उमटलेले लाल ठिपके बघत बसायचे. डॉक्टरीणबाई तरुण होत्या, सरळ विचारलं, "घराला जाळ्या आहेत का?" मी म्हटलं, खिडक्यांना आहेत. "आणि दाराला?" मी आईकडे बघितलं. आई छताकडे बघत होती. त्या बाईंना आमच्या घराचा इतिहास कुठे माहीत, त्या पुढच्या खाटेकडे गेल्या. घरी आणल्यावर मी पंधरा दिवस दार बंद ठेवलं. आई बंद दारासमोर खुर्ची टाकून बसायची, दवाखान्यात नंबर लागायची वाट बघावी तशी. जेवण कमी झालं. टीव्ही लावून दिला तर आवाज बंद करून ठेवायची, बाहेर कोण गेलं ते ऐकू यावं म्हणून. एक दिवस मला म्हणाली, "तापात मेले नाही, आता अशी कोंडून मारतेस काय गो?" तेव्हा मी ठरवलं, दार उघडं ठेवायचं आणि जाळी लावायची.

लावायचं ठरवलं आणि लगेच तुमचा आवाज कानात आला. खोटं कशाला सांगू. चाळीस वर्षांपूर्वीचा आवाज, पण शब्द न् शब्द तसाच.

मी दहावीत होते. आपल्या चाळीच्या मागून नाला वाहायचा आणि संध्याकाळी दिवा लावला की डासांचा ढगच्या ढग आत यायचा. मी अभ्यासाला बसायचे ती पायांवर चादर गुंडाळून. आईनं शेजारणीकडून एक फाटकी मच्छरदाणी मागून आणली. तिचा धड भाग कापला, कडा शिवल्या, खालच्या काठात वाळूच्या चिमुकल्या पिशव्या शिवल्या, म्हणजे वाऱ्यानं जाळी उडू नये. मग लाकडाची पट्टी दाराच्या वर धरून चुका, म्हणजे बारीक खिळे, ठोकल्या. मी खालून एकेक चूक तिच्या हातात देत होते. तुम्ही पाळीवरून आलात, जाळी बघितलीत, काही बोलला नाहीत. आम्हाला वाटलं, चाललं. अकरा दिवस ती जाळी राहिली. त्या अकरा दिवसांत मी भूमितीची सगळी प्रमेयं पाठ केली, पाय उघडे टाकून.

बाराव्या दिवशी संध्याकाळी तुमचे चुलतभाऊ गावाहून आले. आई चुलीशी, म्हणजे त्या कोपऱ्यातल्या स्टोव्हशी, बांगडे तळत होती. काकांच्या एका खांद्यावर तांदळाची पिशवी, दुसऱ्या हातात फणस. ते नेहमीसारखे हाक न मारता आत शिरले आणि जाळीत अडकले. डोक्यावरची टोपी जाळीला लागून पडली. खरं तर ते हसले होते. मला अजून त्यांचं हसणं दिसतं. बाहेरूनच म्हणाले, "मुंबयत येवन माणसां गाळून घेऊक लागलंस काय रे?" गॅलरीतले दोघंतिघं हसले. तुम्ही मात्र नाही हसलात. तुम्ही उठलात, पट्टीला दोन्ही हात घातलेत आणि एका झटक्यात सगळं खाली ओढलंत. वाळूच्या पिशव्या फुटल्या आणि वाळू तव्यापर्यंत उडाली. मग आईकडे वळून तुम्ही म्हणालात, "ह्यां घर आसा. कोंबड्यांचो खुराडो नाय." पाहुण्यांच्या समोर, शेजाऱ्यांच्या समोर. आईनं वाळू पडलेले बांगडे बाजूला काढले आणि दुसरे तळायला घेतले. काका बिचारे ओशाळून गेले होते, पुन्हा पुन्हा म्हणत होते की आपण मस्करी केली. दुसऱ्या दिवशी दुपारी मी शाळेतून आले तर आई जमिनीवर बसून वाकड्या झालेल्या चुका वरवंट्यानं ठोकून सरळ करत होती. एका डबीत भरून तिनं त्या फळीवर ठेवल्या. परत काही लावल्या नाहीत.

तुमची बाजू मला पाठ आहे. तुम्ही ती इतक्या वेळा सांगितली आहे. सोळा वर्षांचे असताना गावाहून मुंबईला बोटीतून उतरून तुम्ही तुमच्या आतेच्या खोलीवर गेलात, दार आतून लावलेलं होतं, आत भांड्यांचा आवाज येत होता, माणसं बोलत होती आणि तुम्ही कडी वाजवल्यावर आवाज बंद झाला. कुणी दार उघडलं नाही. तुम्ही जिन्यावर बसून राहिलात, शेवटी एका अनोळखी माणसानं पाणी दिलं. त्या दिवशी तुम्ही ठरवलंत की आपल्या दाराशी आलेल्या माणसाला थांबावं लागणार नाही. मान्य. मी ते लहानपणापासून मान्य केलेलं आहे. गिरणी बंद पडली तेव्हा त्याच उघड्या दारातून शेजाऱ्यांनी भात आणून दिला, हेही मी विसरलेले नाही. पण बाबा, त्या आतेनं दार लावलं होतं. आईनं जाळी लावली होती. या दोन गोष्टींतला फरक तुम्हाला कळत नव्हता असं मला वाटत नाही. चार माणसं हसली, एवढंच तुम्हाला सहन झालं नाही.

जाळी निघाली आणि तिसऱ्या आठवड्यात मला मलेरिया झाला. एकामुळे दुसरं झालं असं सिद्ध करता येणार नाही, हे मला चांगलं कळतं. तीस वर्षं कोर्टात लोकांच्या साक्षी टाइप केल्या आहेत. पण हे कोर्ट नाही. मी थंडीनं अशी कुडकुडत होते की खाट वाजत होती. तुम्ही मला पाठुंगळी घेऊन दवाखान्यात नेलंत, कडू गोळीनंतर गुळाचा खडा दिलात, डोक्यावर ओल्या पट्ट्या ठेवल्यात, रजा टाकलीत. हे सगळं मी लिहून ठेवते, कारण मला खोटी साक्ष द्यायची नाही. पण गणिताचे दोन्ही पेपर बुडाले. ऑक्टोबरात पुन्हा बसले, तोवर वर्ष हातचं गेलं होतं. मला नर्सिंगला जायचं होतं, हे तुम्हाला माहीत होतं. सायन्स राहिलं, मी टायपिंगच्या क्लासला गेले, मग स्टेनो झाले. त्याचं मला आता दुःख नाही. माझ्या बोटांवर मी घर घेतलं, भावाचं शिक्षण केलं, तुमचं आजारपण काढलं. पण त्या वर्षाबद्दल तुम्ही एकदा तरी बोलायला हवं होतं.

बोलला नाहीत. त्याऐवजी टेबलफॅन आणलात. गिरणी बंद पडल्यापासून तुम्ही अंधेरीला एका इमारतीत वॉचमन होतात, आणि तिथल्या कुणीतरी घर सोडताना तो दिला होता. त्याची मान फिरत नव्हती. तुम्ही तो फळीवर ठेवलात, तोंड माझ्या खाटेकडे केलंत आणि म्हणालात, "आता मच्छर येवचे नाय." आई तुमच्याकडे बघत राहिली. तिला तेव्हाच कळलं असणार, मला बऱ्याच वर्षांनी कळलं, की तो पंखा म्हणजे तुमची माफी होती. पण मी आज तुम्हाला सांगते, पंखा म्हणजे माफी नव्हे. पंखा म्हणजे पंखा. माफी तोंडानं मागायची असते, आणि ज्याची चूक झाली त्यानं मागायची असते, आणि ती तुम्हाला माझ्याआधी आईची मागायची होती.

त्याच वर्षी मे महिन्याच्या सुट्टीत मी तुमचा डबा घेऊन अंधेरीला यायचे. एक दुपार आठवते. तुम्ही खाकी कपड्यांत फाटकाशी उभे आहात. एक म्हातारा माणूस येतो, धोतर, हातात बोचकं, चेहरा उन्हानं करपलेला. तिसऱ्या मजल्यावरच्या कुणाचा तरी मामा लागतो म्हणतो. तुम्ही आतून फोन लावता, ऐकता, फोन ठेवता. मग त्याला म्हणता, "घरात कोणी नाहीत." तो म्हणतो, वर तर पंखा फिरताना दिसतोय. तुम्ही म्हणता, "नाहीत, काका." आणि फाटक लावता. तो रस्त्याच्या कडेला बसतो. तुम्ही माझ्या हातातला डबा घेता, उघडता, अर्धी भाजी आणि दोन भाकऱ्या झाकणात काढून त्याच्याकडे नेऊन देता. परत येऊन माझ्याकडे न बघता उरलेलं जेवता. मी सोळा वर्षांची आहे आणि मला एवढंच कळतं आहे की माझ्या बापाला आत्ता काही विचारायचं नाही.

आज मला त्यातलं आणखी थोडं कळतं. दिवसभर पगारासाठी माणसं अडवायची आणि घरी येऊन दार सताड उघडं टाकायचं. तुम्हाला तसंच जगणं भाग होतं. पण त्या उघड्या दाराशी तुम्ही बसत नव्हतात. तिथे आई होती. कोणीही कधीही यायचं, त्यांचा चहा आई करायची, त्यांची भांडी आई घासायची, कपडे बदलायचे तर आम्ही दोघी मोरीत एकमेकींना चादरीचा आडोसा करायचो. तुमचा मोठेपणा आम्ही उचलला, बाबा. हे वाक्य मी तुमच्या तोंडावर कधी बोलले नाही. आता बोलले.

तर रविवारचं सांगते. भाऊ मुलुंडहून आला होता, पोह्यांची बशी घेऊन सोफ्यावर बसला. मी चौकट साबणाच्या पाण्यानं पुसली, कोरडी केली. वर्षानुवर्षांच्या ऑइलपेंटचे थर, त्यावर चिकटपट्टी धरेना. मग मी सँडपेपर घेऊन घासत बसले. वर मधोमध तोरणाचा खिळा आहे, तो काढला नाही, जाळी त्याच्या खाली घेतली. एक बाजू लावून झाली आणि भाऊ म्हणाला, "ताई, बाबांना नसतं आवडलं हे."

"माहितीये," मी म्हटलं.

"तरी लावतेयस?"

"तरी लावतेय. तू बशी ठेव आणि स्टूल धर, हलतंय ते."

त्यानं स्टूल धरलं, पण गप्प बसेना. तेव्हा तो पाच वर्षांचा होता, त्याला तुमच्या पाठीवर बसून फिरलेलंच आठवतं. म्हणाला, "दारातून माणूस थेट आत यायला पाहिजे असं त्यांचं होतं ना यार. काहीतरी तत्त्व होतं त्यांचं." मी तोंडात पिना धरल्या होत्या म्हणून उत्तर देता आलं नाही. उत्तर आईनं दिलं. खुर्चीतून, अगदी सावकाश.

"नसतीच आवडली त्यांना. पण त्यांनी माझी जाळी उपटली, ती मला तरी कुठे आवडली होती?"

आम्ही दोघं तिच्याकडे बघायला लागलो. चाळीस वर्षांत हा विषय तिच्या तोंडून निघाला नव्हता. मी पिना काढल्या आणि विचारलं, "मग तू परत का नाही लावलीस? चुका तर सगळ्या सरळ करून ठेवल्या होत्यास. घाबरलीस त्यांना?"

"घाबरते कशाला," आई म्हणाली. "कंटाळले होते गो. परत जाळी लावा, परत ते उपटणार, परत वाळू झाडा. माझ्याकडे तेवढा वेळ नव्हता." मग भावाला म्हणाली, "तू स्टूल नीट धर. ती पडली तर माझं कोण करणार?"

मी इतकी वर्षं तुमच्याशी भांडत होते ते एका घाबरलेल्या बाईच्या वतीनं, असं मला वाटत होतं. ती घाबरलेली नव्हतीच. मला उगाचच लाज वाटली, आणि त्याच वेळी हातात जोर आला. दुसरी बाजू मी दहा मिनिटांत लावली. चुंबक एकमेकांसमोर येईनात, डावा पडदा बोटभर खाली उतरला होता, तो सोडवून परत चिकटवला. लाकूड जुनं सागवानी, पिना अंगठ्यानं जाईनात, हातोडीनं ठोकल्या. मग दोन्ही पडदे सोडले आणि ते मिटले. आई म्हणाली, "परत कर बघू." मी आत-बाहेर केलं. तिनं मला चार वेळा आत-बाहेर करायला लावलं.

दुपारी समोरच्या ताई वाटीत वांग्याचं भरीत घेऊन आल्या. जालन्याकडच्या आहेत, त्यांच्या हातचं भरीत आईला फार आवडतं. एरवी त्या बोलत बोलतच आत येतात, थेट स्वयंपाकघरापर्यंत. आज जाळीशी थांबल्या. म्हणाल्या, "काकू, आत येऊ का?" पाच वर्षांत त्यांनी असं कधी विचारलं नव्हतं. भावानं माझ्याकडे बघितलं. त्याच्या डोळ्यांत तुम्हीच होतात, ‘बघा, मी सांगितलं होतं ना’ असं म्हणत.  आई मात्र म्हणाली, "विचारतेस काय, ढकल आणि ये. आपोआप लागते ती." ताई आत आल्या, मागे जाळी मिटली, त्यांनी वळून बघितलं आणि हसल्या. म्हणाल्या, "हे झकास आहे, मलाही पाहिजे." संध्याकाळी वाटी न्यायला आल्या तेव्हा बोलत बोलतच आत आल्या.

म्हणजे तुमचं म्हणणं एका दुपारपुरतं खरं ठरलं, बाबा. तेवढं मी तुम्हाला देते. त्याहून जास्त नाही. जाळी राहणार. आई रोज तिच्यासमोर बसते, संध्याकाळी दिवा लावल्यावरसुद्धा, पाय उघडे टाकून. कोणी ती काढायची म्हटलं तर मी उभी आहे, आणि मला कंटाळा येणार नाही.

हे पत्र मी कोर्टातल्या वहीच्या कोऱ्या पानांवर लिहिलं आहे. पाठवायला पत्ता नाही, कुणाला वाचून दाखवायचंही नाही. भावाला दाखवलं तर तो चिडेल, आई म्हणेल, चष्मा आण, आणि मग वाचणार नाही. कपाटात साड्यांच्या खाली ठेवून देईन.

एक गोष्ट मात्र मी वर लिहिली नाही. रविवारी लावली ती जाळी दुसरी. पहिली आखूड झाली होती. मी माप घेताना चौकटीऐवजी दाराच्या फळीचं घेतलं होतं. आईला आणि भावाला मी सांगितलं की दुकानदारानं चुकीची दिली. भावानं त्या म्हाताऱ्या दुकानदाराला फोन करून चांगलं झापलं, आणि तो बिचारा काही न बोलता दुसरी देऊन गेला. आई अजून त्याच्या नावानं बोटं मोडते. तेव्हापासून दोन आठवडे झाले, मी त्या दुकानावरून न जाता पलीकडच्या फुटपाथवरून जाते. चूक माझी होती. हे मी अजून कुणाला सांगितलेलं नाही.